मधल्या खांबापाशी

वहिनींना बोट लागते, हे सगळ्या धक्क्याला ठाऊक होतं. जन्म पाण्याकाठी गेला, नवरा बोट चालवणारा, दीर बोट चालवणारा, स्वतः दिवसभर पाण्यापासून हाकेच्या अंतरावर फाटकी जाळी सांधत बसणाऱ्या. पण पलीकडच्या काठावर लेकीकडे जायचं म्हटलं की बाई पिशवी उचलून बसच्या थांब्यावर उभ्या. बोटीने गेलं तर हातातला चहा निवायच्या आत पलीकडे पोचता येतं. बस लांबच्या पुलावरून वळसा घेते, निम्मा दिवस मोडतो. "काय करणार, पोटात ढवळतं," असं त्या म्हणायच्या. नवखा माणूस हसायचा. जुनी माणसं हसत नसत, आणि जास्त खोदतही नसत. ज्याचं जळतं त्याला कळतं.

वहिनी ही हाक मुळात एकट्या दिराची. पण ती ऐकून ऐकून सगळा धक्का त्यांना वहिनी म्हणू लागला, अगदी त्यांच्या वडिलांच्या वयाचा चहावालासुद्धा. नवरा थोरला आणि दीर धाकटा, अशीच दोघा भावांची ओळख होती. आता धाकट्याच्या मिशा पांढऱ्या झाल्या होत्या, थोरला उरला नव्हता, तरी धाकटा तो धाकटाच राहिला.

थोरला एका हिवाळ्यात गेला. गेला म्हणायचं ते दुसरा शब्द नाही म्हणून. त्या सकाळी धुकं असं पडलं होतं की धक्क्यावर उभं राहिलं तर पाणी दिसेना, नुसतं खाली चुबुक-चुबुक ऐकू यायचं. पलीकडे कारखान्यातून सुटलेली माणसं खोळंबली होती. थोरला म्हणाला, रिकामी बोट नेतो आणि त्यांना घेऊन येतो. नंतर लोकांनी वहिनींना खोदून खोदून विचारलं, जाताना काही बोलला का. बोलला होता. "माझा दुसरा मोजा कुठंय?" एवढंच. तो खाटेखाली सापडला, त्याने घातला आणि गेला.

वहिनी जाळ्यांच्या शेडमध्ये येऊन बसल्या. बोट दिसत नव्हती, पण इंजिन ऐकू येत होतं. ते लांब गेलं, पात्राच्या मध्यावर गेलं, आणि तिथे आवाज एकाएकी मंदावला. बंद नाही पडला, मंदावला. मग त्या मंद आवाजात ते चालतच राहिलं. जवळ येईना, दूर जाईना. पलीकडची माणसं हाका मारायला लागली. शेवटी धाकटा वल्ह्याची छोटी होडी काढून आवाजाच्या रोखाने गेला. नदीच्या मध्यावर उथळ जागेची खूण म्हणून एक लाल लोखंडी खांब आहे. त्याच्यापाशी बोट सावकाश गोल गोल फिरत होती. इंजिन चालू, वेग कमी केलेला. आत कोणी नव्हतं.

पाणबुडे आले, गळ टाकले, नदीच्या मुखापर्यंत शोध झाला. काही मिळालं नाही. तोल गेला म्हणावं, तर तोल जाणारा माणूस आधी इंजिनाचा वेग कमी करत नाही. वेग कोणीतरी हाताने कमी केला होता, म्हणजे थोरल्यानेच. कशासाठी? पाण्यात काही दिसलं? कोणी हाक मारली? पहिली काही वर्षं चहाच्या टपरीवर दुसरा विषय नव्हता. मग माणसं दमली. वहिनी आणि धाकटा यांच्यात तर तो विषय एकदाही निघाला नाही. धाकट्याने बोट घेतली, लेकीच्या लग्नात बापाच्या जागी उभा राहिला, दर महिन्याला घरात काय हवं-नको ते न विचारता आणून टाकत राहिला. दोघं बोलायची ती दोऱ्याबद्दल, पावसाबद्दल, त्याच्या बायकोच्या गुडघ्यांबद्दल.

आणि वहिनींना एक गोष्ट झाली, जी त्यांनी कोणाला सांगितली नाही. त्यांना तो आवाज ऐकू यायला लागला.

धाकटा फेरीला निघायचा. इंजिनाची एकसुरी घरघर कानावर असायची. बोट मधल्या खांबाच्या आसपास आली की ती घरघर क्षणभर मंदावायची. दोन श्वास, चार श्वास. मग पुन्हा पहिल्यासारखी. वहिनींचा हात सुईसकट थांबायचा. एकदा त्यांनी धीर करून चहावाल्याला विचारलं, "ऐकलंत का आत्ता?" चहावाल्याच्या पुढ्यात स्टोव्ह भणभणत होता. "काय?" तो म्हणाला. त्या म्हणाल्या, "काही नाही." त्यानंतर त्यांनी कोणाला विचारलं नाही. आपल्या कानात बसलेलं भूत आहे, ते आपणच सांभाळायचं, असं त्यांनी मनाशी ठरवून टाकलं. लेकीला कळलं तर ती डॉक्टरकडे नेईल, आणि डॉक्टरने गोळी देऊन तो आवाज बंद केला तर, या विचाराने त्यांना जास्त भीती वाटायची. कारण काही झालं तरी तो थोरल्याचा आवाज होता. दुसरं काय उरलं होतं?

असं चाललं असताना कॅमेरेवाला आला.

पन्नाशीचा, ढेरपोट्या, कमरेला पट्टा बांधलेला माणूस. त्याला पाण्याकाठच्या रोजच्या आयुष्याचा चित्रपट काढायचा होता. "गोष्ट काय आहे?" चहावाल्याने विचारलं. तो म्हणाला, "गोष्ट नाही." "गाणी?" "नाहीत." "मग लोक बघणार काय?" कॅमेरेवाला म्हणाला, "तुम्हाला." चहावाला त्या दिवसापासून दाढी करून यायला लागला. न्हावी तर आठवडाभर इस्त्रीचा शर्ट घालून खुर्चीमागे ताठ उभा होता. गिऱ्हाईक नसलं तरी हवेत कात्री चालवायचा. पण हा बाबा नुसता घडीच्या स्टुलावर बसून राहायचा. दोरखंड वाळताना टिपायचा. पायरीवर ओली पावलं सुकताना टिपायचा. लोकांना कंटाळा आला, ते त्याला विसरले, आणि बहुधा त्याला तेच हवं होतं.

शेडमध्ये तो आला तेव्हा वहिनी म्हणाल्या, "मी काय करू?"

"काही नाही ताई. तुमचं चालू द्या."

"बोलायचं?"

"वाटलं तर."

त्यांना वाटलं नाही. तो त्यांच्या पाठीमागे, जरा बाजूला बसायचा. जाळ्यांचा निळा ढीग, त्यांचा खांदा, शेडचं उघडं दार आणि दारातून दिसणारी नदी, असं सगळं त्याच्या भिंगात एकदम मावायचं म्हणे. आवाज टिपणारी एक काळी पेटी आणि केसाळ टोपी घातलेला माइक तो शेजारी ठेवायचा. आधी वहिनींच्या पाठीला त्याची नजर टोचायची. पुढे सवय झाली. एकदा तर त्याचा पट्टा सुटला तेव्हा त्यांनी जाळ्याच्या दोऱ्यानेच तो शिवून दिला. पाणी चढलं, उतरलं, आणि एक दिवस तो सामान आवरून निघून गेला.

पुढच्या वर्षी तो परत आला, तयार चित्रपट घेऊन. म्हणाला, बाहेर कुठे दाखवायच्या आधी इथे दाखवतो. दुपारच्या फेऱ्या थांबल्यावर तिकिटाच्या शेडच्या खिडक्यांवर ताडपत्र्या लावल्या, भिंतीवर धाकट्याच्या बायकोने दिलेली पांढरी चादर ताणली, आणि सगळा धक्का बाकांवर, टोपल्यांवर, जमिनीवर दाटीवाटीने बसला. वहिनी दारापाशी बसल्या. धाकटा मागे भिंतीला टेकून उभा राहिला.

सुरुवातीला हसून हसून मुरकुंडी वळली. चहावाला दिसला, तो नेमका नाक खाजवताना. न्हाव्याचा तो इस्त्रीचा शर्ट कुठेच नव्हता. होता तो त्याचा फाटका बनियन, आणि खुर्चीत बसल्या बसल्या लागलेली डुलकी. धक्क्यावरचं कुत्रं मात्र दर थोड्या वेळाने येऊन जात होतं. "त्यालाच हिरो केलाय," कोणीतरी म्हणालं.

मग पडद्यावर जाळ्यांचा निळा ढीग आला. वहिनींनी आपला खांदा ओळखला, मानेवरची सुटलेली बट ओळखली. दारातून नदी, नदीत बोट लहान लहान होत चाललेली. कॅमेरा हलत नव्हता. इंजिनाची घरघर शेडमध्ये भरून राहिली होती. बोट लाल खांबापाशी आली.

आवाज मंदावला.

वहिनींनी बाकाची कड धरली. त्यांना वाटलं, आलं, इथेही आलं. पण शेजारची बाई मान तिरकी करून ऐकत होती. पुढे बसलेला न्हावी म्हणाला, "अरे, इंजिन बंद पडलं की काय?" तो आवाज सगळ्यांना ऐकू येत होता. काळ्या पेटीने तो धरला होता. पडद्यावर वहिनींचा हात थांबला, मान वर झाली, आणि त्या नदीकडे बघत राहिल्या. मग घरघर वाढली, बोट पुढे गेली, मान खाली गेली, हात चालू झाला.

पुन्हा तेच दृश्य, दुसऱ्या दिवसाचं. उजेड वेगळा, साडी वेगळी. बोट खांबापाशी, मंद आवाज, वर झालेली मान. मग पावसाळी दिवस, तेच. मग कडक ऊन, तेच. कॅमेरेवाल्याला काय दिसलं होतं कोण जाणे, पण एकामागून एक ते त्याने लावून ठेवलं होतं, एक शब्द न बोलता. आता कोणी हसत नव्हतं. अंधारात कोणीतरी नाक ओढलं. वहिनी पडद्यावरच्या त्या बाईकडे बघत होत्या. रोज, प्रत्येक फेरीला, कोणी बोलावल्यासारखी ती मान वर करत होती. एवढी वर्षं आपण असं करतो, आणि हे सगळ्यांना दिसत होतं. त्यांनी मागे वळून बघितलं. भिंतीला टेकलेला धाकटा तिथे नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळची गर्दी ओसरल्यावर तो शेडमध्ये आला. एरवी तो दारातून बोलायचा. त्या दिवशी आत येऊन उलट्या टोपलीवर बसला. हाताला इंजिनाचं तेल होतं, ते तो चिंधीने पुसत राहिला.

"भावोजी," वहिनीच म्हणाल्या, "तुम्ही खरंच मंद करता?"

"करतो."

"मला वाटायचं माझ्याच कानात आहे."

त्याचा हात थांबला. "कानात?"

"मला वाटायचं, मला वेड लागलंय. कोणाला कसं सांगू?"

धाकट्याने चिंधी गुडघ्यावर ठेवली. म्हणाला, "वहिनी, मी तुमच्यामुळे मंद करतो."

"माझ्यामुळे?"

"तिथनं मागं बघितलं की शेडचं दार दिसतं. निळ्या ढिगात तुमचा चेहरा वर झालेला दिसतो. तुम्ही बघत असता. त्या जागेवरून, तुमच्या डोळ्यांदेखत, मी भरधाव कसा जाऊ? आणि…" तो अडखळला. "मला वाटायचं तुम्हाला काहीतरी दिसतंय. मला दिसत नाही ते. म्हणून वेग कमी करून मीही पाण्यात बघायचो."

"मला काय दिसणार? इंजिन मंदावलं म्हणून मी वर बघायची. मला वाटायचं…"

बाहेर चहावाल्याचा स्टोव्ह भणभणत होता. एक जण वेग कमी करतो म्हणून दुसरी मान वर करते, आणि दुसरी मान वर करते म्हणून पहिला वेग कमी करतो. आणि असं करत दोघांनी मिळून तो माणूस तिथे, त्या खांबापाशी, एवढी वर्षं उभा धरला होता. कोणी आधी सुरू केलं, हे दोघांनाही आठवेना. वहिनी म्हणाल्या, तुम्हीच केलं असणार. तो म्हणाला, नाही, तुम्ही. भांडणासारखं झालं थोडं. मग दोघंही थांबली, कारण तिसरं उत्तर दोघांच्या एकदमच मनात आलं होतं आणि ते कोणालाच बोलायचं नव्हतं.

"मला तिथे न्या," वहिनी म्हणाल्या.

"तुम्हाला बोट लागते."

"माहीत आहे मला काय लागतं ते."

तेलपाण्यासाठी फेऱ्या बंद असतात त्या दुपारी त्याने त्यांना बोटीत घेतलं. फळीवरून आत येताना त्यांनी त्याचा हात धरला. लग्न होऊन आल्यापासून धाकट्याचा हात धरण्याची ही पहिलीच वेळ. चहावाला, न्हावी, सगळे आपापल्या जागी उभे राहिले, पण कोणी काही विचारलं नाही. ऊन होतं, पाण्यावर बारीक लाटा होत्या. वहिनी पुढच्या बाकावर दोन्ही हातांनी कड धरून बसल्या. पोटात खरंच ढवळलं, हे त्यांना नवलाचं वाटलं. इतक्या वेळा खोटं सांगितलेलं खरं होऊन बसलं होतं.

खांब जवळून बघितला तर नुसता गंजलेला होता. लाल रंगाचे पापुद्रे निघाले होते, बुडाशी शेवाळ होतं, एका बाजूला जुनी दोरी गुंतून कुजली होती. धाकट्याने वेग कमी केला. तो आवाज आता त्यांच्या पायाखाली होता, फळ्यांतून तळव्यांत येत होता. वहिनींनी डोळे मिटले.

"बंद करा," त्या म्हणाल्या.

त्याने इंजिन बंद केलं. मग इतकं शांत झालं की पाणी बोटीच्या कडेला घासून जाताना ऐकू येत होतं. बोट आपसूक फिरली, काठ डोळ्यांसमोरून सरकत गेले. एकदा आपली शेड गेली, लहान, दार उघडं, आत निळा ढीग, आणि ढिगात कोणी नव्हतं. त्या रिकाम्या जागेकडे त्या बघत राहिल्या. धाकटा रोज इथून हेच दार बघत होता. आणि त्याच्या आधी थोरल्यानेही, धुकं नसतं तर, हेच दार बघितलं असतं.

त्यांनी नवऱ्याला कधी नावाने हाक मारली नव्हती. बाजूच्या खोलीतल्या माणसाला बोलवावं तशा हळू आवाजात त्या म्हणाल्या, "अहो."

धाकट्याने मान फिरवून पलीकडे बघितलं.

थोडं थांबून त्या पुन्हा म्हणाल्या, "अहो, ऐकलंत का?"

पाणी होतं तसं वाहत राहिलं. त्यांनी वाकून बघितलं. गढूळ, हिरवट, वरच्या वीतभर थराखाली काही दिसत नव्हतं. त्यांचंच तोंड, तेही लाटेने मोडलेलं. तिथे काही नव्हतं. भीती वाटावी असंही नाही, आणि धीर यावा असंही नाही. त्या किती वेळ वाकून राहिल्या ते त्यांना कळलं नाही. शेवटी कमर भरून आली तेव्हा सरळ बसल्या आणि पदराने तोंड पुसलं.

"चला," त्या म्हणाल्या.

इंजिन खोकत सुरू झालं. धाकट्याने सवयीने ते हळूच चालवलं.

"वाढवा, भावोजी."

त्याने वेग वाढवला. परतताना तो रडत होता आणि इंजिनाच्या आवाजात ते त्यांना ऐकू जाणार नाही असं त्याला वाटत होतं, हे वहिनींना कळलं. त्यांनी मागे वळून बघितलं नाही.

दुसऱ्या दिवसापासून बोट खांबापाशी मंदावली नाही. पहिल्या दिवशी वहिनींची मान तरीही वर झाली. बोट सरळ निघून गेलेली त्यांनी बघितली, आणि जिना उतरताना शेवटची पायरी नसावी तसं त्यांना झालं. न्हावी म्हणाला, आजकाल काहीतरी चुकल्यासारखं वाटतं, काय ते कळत नाही. चहावाल्याने सांगितलं, त्यालाही. वहिनी लेकीकडे बोटीने जाऊ लागल्या. लेकीने पलीकडच्या धक्क्यावर त्यांना उतरताना बघितलं तेव्हा तिने पिशवी घेतली आणि इतकंच म्हटलं, "बरी आलीस आई, जेवण गरम आहे अजून."

चित्रपट मोठ्या शहरांत दाखवला गेला म्हणे. कॅमेरेवाल्याचा एकदा फोन आला. तिकडच्या कोणी तरी विचारलं होतं, ती बाई दर वेळी काय बघते? "तुम्ही काय सांगितलंत?" वहिनींनी विचारलं. तो म्हणाला, "मला माहीत नाही असं सांगितलं." त्या म्हणाल्या, "बरोबर सांगितलंत."

मग हिवाळा आला, आणि एका सकाळी तसंच धुकं पडलं. अशा दिवशी धाकटा बोट सोडत नाही. धुकं विरेपर्यंत बोट दोरखंडाने बांधलेली असते आणि माणसं टपरीभोवती हात चोळत उभी राहतात. वहिनी शेडच्या दारात होत्या, धाकटा पेला घेऊन शेजारी. हळूहळू धुकं पिवळं झालं, पायऱ्या दिसायला लागल्या, मग बोटीचं नाक. माणसं पुढे सरकली. धाकट्याने पेला ठेवला.

वहिनींनी त्याचा दंड धरला.

"ऐकू येतंय का?" त्या हळूच म्हणाल्या.

त्याने कान दिला. पाणी, माणसांची कुजबुज, स्टोव्ह. त्याने प्रामाणिकपणे पुन्हा ऐकून बघितलं.

"नाही, वहिनी." मग म्हणाला, "तुम्हाला येतंय?"

"येतंय."

"कुठनं?"

त्यांनी हनुवटीने मध्यावरची दिशा दाखवली. तिकडे अजून पांढरंच होतं.

"मग थांबू या," धाकटा म्हणाला.

धक्क्यावरून कोणीतरी ओरडलं, धुकं तर गेलं, सोडा की आता, उशीर होतोय. त्याने हात वर करून थांबायला सांगितलं, कारण दिलं नाही. वहिनी ऐकत उभ्या होत्या आणि तो त्यांच्याकडे बघत उभा होता. बऱ्याच वेळाने त्यांनी त्याचा दंड सोडला.

"गेला," त्या म्हणाल्या. "जा आता तुम्ही."

तो पायऱ्या उतरून गेला. वहिनी आत येऊन बसल्या. काल अर्ध्यावर सोडलेलं जाळं त्यांनी मांडीवर ओढलं आणि मोठ्या भोकाची एक कड शोधून काढली.